न खाल्लेला आलूबोंडा

आमच्याकडं लग्नात जेवणं उरकली की पुरुष मंडळी मांडवाच्या कडेला खुर्च्या ओढतात अन् बंद पडलेल्या हॉटेलांच्या गोष्टी काढतात. मागे पांढुर्ण्याच्या एका लग्नात तेच झालं. "सौसरच्या स्टँडसमोरचं ते हॉटेल आठवते का गा?" असं कोणीतरी म्हटलं अन् झालं सुरू. एकाला तिथली तर्री आठवली, एकाला जिलेबी. आलूबोंड्यावर तर सगळ्यांचं एकमत. "तसा बोंडा आता नागपुरातबी नाई भेटत," असं म्हणून एकानं खरंच ओठावरून जीभ फिरवली. मी सुपारी चघळत बसलो होतो. तेवढ्यात शेजारचा मला म्हणाला, "तुमी तं रोज जात होते ना तिथं दफ्तरातून? तुमी सांगा."

काय सांगू बाप्पा! सहा महिने मी दररोज चार वाजता त्या हॉटेलात जाऊन बसलो, माझ्यापासून दोन हातांवर ती कढई होती, अन् तो बोंडा मी एकदाही खाल्ला नाही. आता बंद हॉटेलातला बोंडा कुठून आणणार? मी नुसतं "हाव, मस्त राहे," म्हटलं अन् पाणी प्यायला उठलो.

मी संशयी माणूस आहे, हे आधीच सांगून टाकतो. दुकानदारानं हसून तोललं तर मला वाटतं यानं काटा मारला, अन् न हसता तोललं तरी तेच वाटतं. कोणी घरी येऊन फार गोड बोललं की मी त्याच्या जाण्याची वाट पाहतो, अन् गेल्यावर विचार करत बसतो की हा आला कशाला होता. बायको म्हणते, तुमच्या डोक्यात किडा आहे. असेल. पण तो किडा माझ्या डोक्यात फोकटचा आलेला नाही. त्याचीही एक गोष्ट आहे.

आम्ही बौद्ध. रामाकोन्याकडच्या एका लहान गावात आमचं घर, अन् माझे बाबा दुसऱ्याच्या संत्र्याच्या बागेत कामाला. गावात चहाचं एकच हॉटेल होतं, चार बल्ल्यांवर टिन अन् मातीच्या भिंती. त्याच्या बाहेरच्या भिंतीत एक देवळी होती, कोनाड्यासारखी, अन् त्या देवळीत आमच्या मोहल्ल्याचा कप राहायचा. चहा पाहिजे तर तो कप आपणच काढायचा, आतल्या मुंग्या फुंकायच्या, धुवायचा अन् समोर धरायचा. हॉटेलवाला वरून धार सोडायचा. पिऊन झालं की पुन्हा धुवायचा अन् देवळीत पालथा ठेवायचा. मी बाबांसोबत जायचो तेव्हा कप धुवायचं काम माझं असे, कारण माझा हात लहान होता अन् कपात पूर्ण जात होता. मला ते काम आवडायचं, हे आता सांगायलाही लाज वाटते.

मग एक दिवस बाबांनी तो कप देवळीतून काढला अन् दगडावर आपटला. काय कारण झालं होतं, ते त्यांनी कधी सांगितलं नाही. हॉटेलवाला काही बोलला नाही, बाबाही काही बोलले नाहीत. आम्ही घरी आलो. त्या दिवसापासून त्यांनी बाहेर चहा पिणं सोडलं अन् आम्हाला एकच गोष्ट शिकवली, "जिथं आपला कप अलग, तिथला चहा जहर." एवढं बोलून ते पुढं कधी लांबण लावत नसत.

ऐंशी साल उलटून दोन-तीन वर्षं झाली असतील, तेव्हा मला सौसरला सरकारी दफ्तरात बाबूची नोकरी लागली. मोहल्ल्यात पेढे वाटले. आईनं लुगडं मागितलं, बहिणीनं घड्याळ. बाबांना विचारलं तर म्हणाले, "मले काई नोको." मी फार मागं लागलो तेव्हा हळूच बोलले, "सौसरच्या स्टँडपाशी ते हॉटेल हाये ना? बाजाराच्या दिवशी मी रस्त्यावरून पायतो, बोंडे तळत राह्यते. तिथं आत जाऊन, खुर्चीवर बसून, तुह्यासंगं एक आलूबोंडा खाचा हाये. बस."

खुर्चीवर बसून. तुह्यासंगं. हे बोलताना त्यांनी माझ्याकडं पाहिलंसुद्धा नाही, विळ्याची धार पाहत होते.

आता कोणीही शहाणा मुलगा काय करेल? पुढच्या बाजारी बापाला घेऊन जाईल. पण मी कसला शहाणा! मी म्हटलं, "थांबा बाबा. पयले मी पाहून घेतो, कसं हाये ते हॉटेल." माझ्या डोक्यात ती देवळी होती. बाबांना इतक्या वर्षांनी हॉटेलात नेलं अन् तिथं कोणी देवळीतला कप पुढं केला तर? बाबा गप्प राहिले असते, हे मला माहीत होतं. मी मात्र काय केलं असतं, याची मला भीती वाटत होती. अन् मनात मी हेही ठरवून टाकलं की तिथला पहिला बोंडा बाबांसोबतच खायचा, त्याच्याआधी नाही.

नोकरीच्या पहिल्याच दिवशी चार वाजता बडे बाबू मला हॉटेलात घेऊन गेले. बडे बाबू म्हणजे आमचे हेडक्लार्क, पोट सुटलेले अन् गोडखाऊ. बाजाराचा दिवस होता, हॉटेल गच्च. काउंटरवर रिकामे कप मांडलेले अन् मालक केटलीतून एकेकात चहा ओतून राहिला होता. मी एक कप उचलला, मागच्या टाकीवर गेलो, विसळून आणला अन् मालकासमोर धरला. त्यानं एकदा माझ्याकडं पाहिलं, एकदा कपाकडं पाहिलं अन् वरून धार सोडली. बडे बाबू म्हणाले, "बोंडा घ्या, गरम हाये." मी म्हटलं, "नाई, मी नाई खात." चहा प्यालो, पुन्हा टाकीवर गेलो, कप धुतला अन् पालथा घातला. परत आलो तेव्हा बडे बाबू काउंटरवर ओणवे होऊन मालकाच्या कानात काहीतरी सांगून राहिले होते, अन् मालक माझ्याकडं पाहून राहिला होता.

दफ्तरात येऊन खुर्चीत बसलो तेव्हा मला कळलं, मी काय करून आलो ते. इतकी वर्षं त्या देवळीतल्या कपाला हात लागला नव्हता, पण हात काही विसरले नव्हते. मला लाज वाटली, अन् लाजेपेक्षा जास्त स्वतःचाच राग आला. अरे भैताडा, म्हटलं, सरकारी बाबू झाला अन् पहिल्याच दिवशी हातानं आपली जात सांगून आला!

दुसऱ्या दिवशी गेलो. बडे बाबूंना कप-बशी. बाजूच्या टेबलावर कप-बशी. अन् माझ्यासमोर काचेचा गिलास.

"घ्या महाराज," मालक म्हणाला.

महाराज! माझं डोकंच सणकलं. एक तर गिलास वेगळा अन् वरून मस्करी. पण नोकरी नवी होती, बडे बाबू समोर होते. मी तो चहा प्यालो. कसा होता ते मला आठवत नाही.

तिसऱ्या दिवशीही गिलास, चौथ्या दिवशीही. मग मी चौकशी सुरू केली. मी रोज एकच खुर्ची धरू लागलो. भिंतीपासून दुसरं टेबल, तोंड काउंटरकडं. तिथून कढई दिसायची, कपांची रांग दिसायची अन् उघड्या दारातून टाकीही दिसायची. आठच दिवसांत माझ्या लक्षात आलं की सगळे कप टाकीवरचा म्हातारा धुतो, पण माझ्या गिलासाला तो हात लावत नाही. तो गिलास मालक स्वतः धुतो, अन् तोही राखेनं. धुतलेले कप खाली रांगेत राहतात अन् माझा गिलास वरच्या फळीवर, देवाच्या फोटोखाली, एकटा. झालं की मग! कोर्टात याहून जास्त पुरावा काय लागतो? अलग ठेवणं, अलग धुणं, दुसऱ्यानं हात न लावणं. देवळी भिंतीच्या बाहेर होती, ती यानं आत आणली होती एवढंच.

तुम्ही म्हणाल, मग जायचं बंद का नाही केलं? ते मलाही कोणी विचारलं तर मी सांगू शकत नाही. पण पक्कं कळल्याशिवाय सोडवत नव्हतं. कधी वाटायचं, हा माणूस तसा वाटत नाही. हसून बोलतो, आधी माझ्यापुढं चहा ठेवतो, मग बडे बाबूंपुढं. की मला लवकर निपटवून वाटेला लावतो? असं माझं डोकं चालायचं. मला बडे बाबूंचाही राग यायचा, कारण त्या दिवशी त्यांनीच मालकाच्या कानात माझं सांगितलं, याबद्दल मला तिळभर शंका नव्हती. दफ्तरात ते मला काम समजावून सांगायचे अन् मी त्यांच्या तोंडाकडं पाहत बसायचो.

एकदा मी तो गिलास मुद्दाम पाडला. टेबलाच्या काठावर ठेवला अन् कोपरानं लोटला. खळ्‌कन फुटला, सगळे वळून पाहू लागले. मालक फडा घेऊन धावत आला. "जाऊ द्या महाराज, हाताले नाई ना लागलं?" मी आनंदानं उठलो. म्हटलं, पाहू आता उद्या काय करतो तो. दुसऱ्या दिवशी माझ्यासमोर नवा कोरा गिलास. एक फोडला तर दुसरा तयार! इतका बंदोबस्त पाहून मला रडूच यायचं राहिलं.

मग म्हटलं, सौसर नाही तर पांढुर्णा. दफ्तराचे कागद घेऊन मला तिकडं जावं लागायचं. स्टेशनजवळ एक हॉटेल होतं, तेही आता बंद झालं. तिथली तर्री म्हणजे पिणाऱ्याच्या डोळ्यांतून पाणी काढणारी. बाबांना इथं आणावं असं मनात धरून मी आत गेलो अन् बसलो. हॉटेलवाल्यानं फडक्यानं टेबल पुसत विचारलं, "कोणत्या गावचे? आडनाव काय?" मी उठलो अन् बाहेर आलो. मागून तो "अहो भाऊ, काय झालं?" करत राहिला. आज विचार केला तर वाटतं, आमच्या भागात पाहुण्याला पहिले हेच विचारतात, त्यात काही नसेलही. पण असेलही. मला ते आजही ठरवता येत नाही.

इकडं दर रविवारी मी गावी जायचो अन् बाबा विचारायचे, "मंग बाबू, कवा नेतं?" मी म्हणायचो, "या महिन्यात काम लय हाये." पुढच्या रविवारी, "मालक बाहेरगावी गेला हाये." त्याच्या पुढच्या रविवारी, "तेल चांगलं नाई वापरून राह्यले आजकाल." खरं कारण कसं सांगू? तुमच्या शिकल्यासवरल्या मुलाला, सरकारी बाबूला, रोज अलग गिलासात चहा मिळतो अन् तो गुपचूप पितो, हे कोणत्या तोंडानं सांगू? त्यांनी तर कप दगडावर आपटला होता. मी कोपरानं लोटून, चुकून पडला असं दाखवलं होतं.

दोनेक महिन्यांनी बाबांनी विचारणं बंद केलं. मला बरं वाटलं. म्हटलं, विसरले असतील. बाजाराला ते दर आठवड्याला सौसरला यायचे, पण दफ्तरात कधी आले नाहीत, माझ्या खोलीवरही नाहीत. मी म्हणायचो, "या ना खोलीवर." ते म्हणायचे, "बाजारातूनच वापस जातो, बस सुटते." मी त्यातही काही शोधलं नाही. सगळ्या जगावर संशय घेणारा मी, पण बाबांचं बोलणं मात्र आहे तसं धरून चालत होतो.

उन्हाळ्याच्या तोंडाशी एक दिवस मालकानं चहा ठेवता ठेवता सांगितलं, "उद्याच्याले शेवटचं या. बंद करून राह्यलो." जागा भाड्याची होती अन् जागेवाल्याला तिथं चपलांचं दुकान टाकायचं होतं. बडे बाबूंचं तोंड इतकं उतरलं, की घरातलं कोणी गेल्यासारखं. मी मात्र आतून पेटलो. म्हटलं, हा निघून जाईल अन् मला कधीच कळणार नाही.

दुसऱ्या दिवशी अर्ध्या दिवसाची सुट्टी टाकली अन् भर दुपारी एकटाच गेलो. गिऱ्हाईक नव्हतं. मालक बोंड्यांसाठी आलू कुस्करत बसला होता. मला पाहून उठला, हात धुतले अन् वरच्या फळीवरचा गिलास काढला.

"तो गिलास नोको," मी म्हटलं. "मले कपात द्या."

"काऊन महाराज?"

"काऊन ते तुमी सांगा! सहा महिने झाले. साऱ्या दुनियेले कप, अन् मले एकट्याले गिलास. तो अलग धुता, अलग ठेवता. मी काई आंधळा नाई. बोला आज."

माझा आवाज चढला होता. टाकीवरचा म्हातारा दारात येऊन उभा राहिला. मालक गिलास हातात धरून माझ्याकडं पाहत राहिला, खरंच काही न कळल्यासारखा.

"आता तुमाले कपात कसा देऊ जी?" तो म्हणाला. "त्या कपात सारेच पेतात. अंडेवाले पेतात, मटनवाले पेतात. तुमी पयल्याच दिवशी कप धुवून घेतला, पेल्यावर पुन्यांदा धुतला. बोंड्याले हात नाई लावला, त्यात कांदा-लसन राह्यते ना. मी म्हटलं, हा माळकरी मानूस हाये, पक्का सोवळ्याचा. दोन माळकरी पयले येत होते, त्यायच्यासाठी मी असाच गिलास वरतं ठेवो. म्हाताऱ्याचे हात उष्ट्यात राह्यते, म्हणून तुमचा मीच धुतो. काई चुकलं का महाराज?"

मी खुर्चीवर बसलो. देवाच्या फोटोखाली ठेवलेला गिलास! अरे, आमच्यासाठी वेगळा काढलेला गिलास कोणी देवाच्या फोटोखाली ठेवतो का? सहा महिने तो फोटो मला दिसत होता अन् एवढी साधी गोष्ट डोक्यात आली नाही.

"अन् बडे बाबू?" मी विचारलं. "पयल्या दिवशी ते तुमच्या कानात काय बोलले?"

"बडे बाबू? जिलेबी ताजी हाये का म्हणे. ते तं रोजच इचारतात. डाक्टरनं मना केली हाये त्यायले, म्हणून कानात इचारतात."

मला हसू आलं अन् ते थांबेना. मालकही हसू लागला, काही न समजता. हसणं संपल्यावर मी सांगून टाकलं. "मी माळकरी नाई. मी रामाकोन्याकडचा, बौद्ध. गावच्या हॉटेलात आमचा कप भाईर देवळीत राहे. आपल्याच हातानं धुवून घ्या लागे. त्याच सवयीनं धुतला मी त्या दिवशी."

मालकाचं हसणं थांबलं. गिलास अजून त्याच्या हातातच होता. त्यानं तो हळूच वर नेऊन फळीवर ठेवला. मग खालच्या रांगेतला एक कप काढला, बशीत ठेवला, चहा ओतला अन् माझ्यासमोर आणून ठेवला. "घ्या भाऊ," म्हणाला. महाराज नाही म्हणाला, भाऊ म्हणाला.

आता तुम्हीच सांगा. त्यानं मला कप दिला, की गिलास वाचवला? मी कितीतरी वर्षं याच्यावर विचार केला. त्याच्या तोंडावर राग नव्हता, किळस नव्हती, थोडी फजिती होती. ज्याला आपण सहा महिने देवाखालच्या गिलासात चहा दिला तो माणूस कोण निघाला, याची फजिती, की आपण उगाच एका माणसाला छळलं याची? पहिल्या दिवशीच त्याला खरं कळलं असतं तर माझ्यासमोर काय आलं असतं? ते कळायला आता ना तो राहिला ना हॉटेल. चहा मी संपवला. कप तसाच टेबलावर ठेवायचा असं ठरवून हात मुद्दाम मांडीखाली घालून बसलो.

मग विचारलं, "संध्याकाळी माह्या बाबाले आणलं तं बोंडा भेटन?"

"आणा ना. सहापर्यंत कढई चालू हाये," तो म्हणाला.

मी धावत स्टँडवर गेलो अन् मिळेल ती बस धरली. वाटभर मी खूश होतो. मनात बाबांना ती सगळी गंमत सांगून राहिलो होतो, माळकरी काय, जिलेबी काय. फाट्यावर उतरलो अन् सरळ बागेत गेलो. बाबा संत्र्याच्या झाडाखाली वाळलेल्या फांद्यांची मोळी बांधत होते.

"चला बाबा, कपडे बदला. बोंडा खायले जाऊ. आज शेवटचा दिवस हाये, हॉटेल बंद होऊन राह्यलं."

बाबांनी गाठ पक्की केली. "मालूम हाये," म्हणाले. "मांगच्या बाजारी तो बोलला मले."

"कोण?"

"हॉटेलवाला."

मला काही समजेना. "तुमी गेले होते तिथं?"

"जातो नं मी. तीन-चार महिने झाले. बाजारी जातो, एक बोंडा खातो, चहा पेतो. चांगला राह्यते. मीठ थोडं जास्त घालते तो."

इतकं ऐकूनही माझ्या तोंडून पहिले काय निघावं? "चहा कशात देते तुमाले?"

बाबांनी माझ्याकडं पाहिलं. "कपात. बशीसंगं."

"तुमी धुता?"

"मी काऊन धुवू? पेतो, टेबलावर ठेवतो, येतो."

मी तिथंच मातीत बसलो. मग विचारलं, "मंग मले काऊन नाई सांगितलं? मी तं रोज तिथंच राहो."

बाबा मोळीवर बसले. दुपट्ट्यानं तोंड पुसलं. "पयले वाट पायली म्या," म्हणाले. "तू आज नेतं, उद्या नेतं. मंग म्हटलं, पोरगा साहेब लोकायत उठते-बसते. हा असा धोतराचा बुढा घेऊन कुठं जाईन तो? त्याचंबी बरोबर हाये. त्याच्या मनात नाई तं काऊन त्याले तंग करा? मंग आपलं मीच गेलो एक दिवस. चार वाजता तू येत होता बडे बाबूसंगं. तू काउंटरकडं तोंड करून बसला का मी दुपट्टा घेत होतो डोक्यावर अन् रस्त्याच्या दारानं निंगत होतो. तुले खाली पाहा लागू नये म्हणून."

"बाबा, तसं नोहतं." मी सगळं सांगितलं. पहिल्या दिवसाचा कप, गिलास, राख, फळी, गिलास फोडला ते, आजचं भांडण, सगळं. माळकऱ्याचं ऐकून त्यांना हसू येईल असं मला वाटलं होतं. ते हसले नाहीत. शेवटपर्यंत ऐकून घेतलं अन् एकच विचारलं.

"मंजे तुले माही लाज नोहती वाटत?"

"नाई हो बाबा."

"मंग सांगाचं ना बाबू," ते म्हणाले. इतकं हळू, की मला ते आजही नीट आठवतं.

"चला ना आता," मी म्हटलं. "सहा वाजेपर्यंत हाये." फाट्यावर सौसरला जाणारी शेवटची बस यायची होती. बाबांनी मान हलवली. "आता नाई जात. आज दमलो." ते खरंच दमले होते की आणखी काही होतं, ते मी विचारलं नाही. आम्ही दोघं तिथंच बसून राहिलो. फाट्यावर बस आल्याचा हॉर्न ऐकू आला अन् ती गेली.

त्या हॉटेलातल्या कोणत्या कपाचा कान तुटला होता, कोणत्या बशीला चीर होती, गिलास कोणत्या खिळ्याच्या खाली राहायचा, ते मी तेव्हा डोळे मिटून सांगू शकलो असतो. तरी मला ती एक गोष्ट माहीत नव्हती, म्हणून विचारली.

"बाबा, तुमी कोणत्या खुर्चीवर बसत होते?"

मोळी डोक्यावर घेता घेता ते म्हणाले, "तुह्या पाठीमांगच्या."